मातीतला लेखक म्हणायचं आणि हात धुऊन मोकळं व्हायचं

पोस्ट मोठी झालीय. वेळ असेल तर वाचा, नसेल तर 'छान लिहिलंय सर' अशी कमेंट टाकून पुढं जाऊ नका, एवढीच विनंती.

मागच्या महिन्यात आपल्याच भागात एका तालुक्याच्या गावी कथाकथनाचा कार्यक्रम झाला. गावाचं नाव लिहीत नाही, संस्थेचंही नाही. सूत्रसंचालन माझ्याकडं होतं. कथाकार चाळिशीतला गडी, आईबापासोबत लहानपणी चार हंगाम उसाच्या फडावर राहिलेला. आता कुठंतरी शिक्षक आहे. त्यानं गोष्ट सुरू केली ती तोडणीवरच्या एका बाईची. अंगात ताप, पण खाडा पडला तर मुकादम दोघांच्या हिशेबातून पैसे कापणार, म्हणून ती पहाटे चारला गाडी भरायला उभी राहते. सभागृहात टाचणी पडली तरी ऐकू येईल अशी शांतता. मला वाटलं, आज काहीतरी होणार.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून चिठ्ठी आली. 'थोडं हलकंफुलकं घ्यायला सांगा. साहेबांना निघायचंय.'

ती चिठ्ठी मी त्याच्यासमोर ठेवली. मीच. कुणी जबरदस्ती केली नाही, हात माझाच होता. त्यानं वाचली, घडी घालून खिशात ठेवली, बाईला तिथंच उसाच्या मोळीखाली सोडून दिलं आणि एसटीत कोंबडी घेऊन बसलेल्या म्हातारीचा किस्सा सांगायला लागला. लोक पोट धरून हसले. साहेबही हसले, आणि हसून झाल्यावर अर्धा तास बसले. निघायचं काही दिसलं नाही.

आभाराच्या भाषणात अध्यक्ष म्हणाले, 'असे मातीतले कथाकार हे मराठवाड्याचं वैभव आहे.'

तेव्हापासून हा 'मातीतला' शब्द डोक्यात सलतोय.

28 सप्टेंबर 2024 ला भास्कर चंदनशिव गेले. 11 फेब्रुवारी 2025 ला रा. रं. बोराडे गेले. साडेचार महिन्यांत दोन माणसं. एक कळंब तालुक्यातल्या हासेगावचे, एक आपल्या लातूर तालुक्यातल्या काटगावचे. दोन्ही वेळा आपल्या सगळ्यांच्या भिंतींवर एकच ओळ फिरत होती: मातीतला लेखक हरपला. मीही टाकली होती, खोटं कशाला बोलू. बोराडे सरांना राज्य सरकारचा विंदा करंदीकर जीवनगौरव जाहीर झाला आणि थोड्याच दिवसांत ते गेले, त्यामुळं अभिनंदनाच्या पोस्टीखालीच श्रद्धांजलीची पोस्ट दिसत होती. फोटो तोच, फक्त हार बदललेला.

आता मला सांगा, 'मातीतला' म्हणजे काय? गदिमांना कुणी डांबरातला कवी म्हणत नाही. पुण्यातल्या वाड्यावर लिहिणाऱ्याला फरशीतला लेखक म्हणत नाहीत. तो नुसता लेखक असतो. आपला मात्र मातीतला. म्हणजे त्यानं काय म्हटलं ते बघायचं नाही, कुठून आला तेवढं बघायचं. त्याच्या धोतराला वास येतो का, बोलीत हेल आहे का, मग झालं. 'मातीतला' म्हटलं की त्याच्याशी वाद घालायची गरज उरत नाही. मातीशी कोण वाद घालतंय?

आणि चंदनशिवांना तर वादच घालायचा होता. 'लाल चिखल' आठवतेय ना? शाळेच्या पुस्तकात होती. टमाट्यांचा माल घेऊन बाप बाजारात बसतो, शाळा बुडवून पोरगं बरोबर असतं, भाव उतरत उतरत मातीमोल होतो आणि शेवटी बापाचा तोल सुटतो, आपल्याच हातानं पिकवलेला माल तो पायाखाली तुडवतो. ही गोष्ट लिहिणाऱ्या माणसाला आपल्या डोळ्यांत पाणी नको होतं. त्याला विचारायचं होतं की भाव कोण पाडतं? गिऱ्हाईक जेव्हा किलोमागं चार आणे कमी करून घेतं आणि जिंकल्यासारखं हसतं, तेव्हा त्या चार आण्यांचं पुढं काय होतं? त्या बाजारात गिऱ्हाईक म्हणून उभे आहोत ते आपणच की, दुसरं कुणी आलेलं नाही.

आणि आपण वर्गात काय शिकवलं? 'बापूचे स्वभावचित्र रेखाटा.' चार गुण. 'कथेतील ग्रामीण बोलीचे सौंदर्य स्पष्ट करा.' चार गुण. मी तासिका तत्त्वावर मराठी शिकवतो, मी स्वतः असले प्रश्न काढलेत. माणसाचं वर्ष पायाखाली जातंय आणि आम्ही बोलीचं सौंदर्य स्पष्ट करतोय.

टमाट्याचं सोडा. आपलं पीक सोयाबीन. 2024 च्या हंगामात सरकारी हमीभाव क्विंटलला 4892 रुपये. लातूरच्या मोंढ्यात, जिथं देशभरातले सोयाबीनवाले भाव विचारायला फोन लावतात, तिथं शेतकऱ्याला चार हजार, बेचाळीसशे मिळत होते. पुढच्या वर्षी हमीभाव 5328 केला, मोंढा पुन्हा खालीच. चिखल आता लाल नाही, पिवळा आहे, बाकी गोष्ट तीच. पण त्याच मोंढ्याच्या अडत्यानं प्रायोजित केलेल्या कार्यक्रमात ती गोष्ट वाचायची म्हटलं की चिठ्ठी येते.

काही जण लगेच म्हणतील, सर, मग हसायचंच नाही का? लोक दिवसभर दमून येतात, चार घटका हसले तर तुमचं काय जातं?

काहीच जात नाही. उलट हसणं कुणाला शिकवता? मोंढ्यात हमालांच्या घोळक्यात तासभर बसा, साहेब. जेवढी टिंगल तिथं चालते तेवढी कुठल्या संमेलनात चालत नाही. अडत्याची, मापाड्याची, पुढाऱ्याची, देवाची आणि सगळ्यात जास्त स्वतःची. प्रश्न हसण्याचा नाही. कोण कुणाला हसतंय, त्याचा आहे.

शंकर पाटील, द. मा. मिरासदार, व्यंकटेश माडगूळकर या तिघांनी गावोगाव कथाकथनं केली, मराठी कथा सभागृहात आणली. त्यांचे उपकार आहेतच. पण लोकांनी त्यांच्यातलं काय उचललं बघा. शंकर पाटलांनी 'वळीव'सारखा संग्रह लिहिला, आणि लोकांना पाठ 'धिंड'. माडगूळकरांनी 'बनगरवाडी' लिहिली, त्यात दुष्काळानं अख्खं गाव उठून जातं. पण आपल्या डोक्यात ग्रामीण कथा म्हणजे काय? बेरकी म्हातारा, बावळट पाटील, गोंधळलेला मास्तर. हा दोष त्या तिघांचा नाही, तो आपल्या टाळ्यांचा आहे. ज्या वाक्याला टाळी पडते ते वाक्य पुढच्या गावात कथाकार दोनदा म्हणतो. असं करत करत पन्नास वर्षांत आपण गाव म्हणजे विनोद करून टाकला. आता आपल्याच भागातली पोरं कथाकथनाला उभी राहतात तेव्हा आपल्या आज्याची नक्कल करून दाखवतात. आज्याच्या चालण्याची, बोलण्याची, इंग्रजी शब्द चुकवण्याची. आजा का चुकवत होता हे सांगत नाहीत.

चंदनशिव, बोराडे आणि त्यांच्या पिढीनं हेच मोडायचा प्रयत्न केला. 'पाचोळा' 1971 ची. गावातल्या एका शिंप्याच्या घराची गोष्ट, आणि सांगते कोण तर त्याची बायको. पाटलाच्या मर्जीवर ज्याची मशीन चालते त्या माणसाचं घर कसं उधळतं, ते ती बाई तिच्या बोलीत सांगते. त्या बोलीत गंमत नाही असं नाही. पण वाचताना तुम्ही तिला हसत नाही, हे करून दाखवणं सोपं नव्हतं. आणि लक्षात घ्या, नायक शेतकरी नाही, शिंपी आहे. दुसऱ्याचे कपडे शिवून पोट भरणारा.

इथं मला आपल्याच लोकांशी भांडायचंय. म्हणजे ज्यांनी इथपर्यंत वाचून माना डोलावल्या त्यांच्याशी.

माझे वडील मुखेड तालुक्यातले. सतरा वर्षं एकाच घरी सालगडी होते. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो: पाडव्याला साल ठरतं, पुढच्या पाडव्यापर्यंत माणूस त्या घरचा. काही पैसे उचल म्हणून आधी, काही धान्य, बाकी हिशेबात. पोरगं आजारी पडलं की आणखी उचल, म्हणजे आणखी एक साल. नंतर ते लातूरला आले, मोंढ्यात हमाली धरली. शंभर किलोचं पोतं पाठीवर घेतलेला माणूस आहे. आज चालताना डाव्या बाजूला झुकतात. तर एकदा मी बीएला असताना सुट्टीत त्यांना 'लाल चिखल' वाचून दाखवली. ते शिकलेले नाहीत, पण ऐकायचे फार मन लावून. गोष्ट संपली. मला वाटलं आता डोळे पुसतील. ते बराच वेळ गप्प बसले आणि म्हणाले,

'लई खरं लिवलंय. पर तेच्या रानात गडी नव्हता का कोन?'

मी म्हणालो, दादा, ही लहान शेतकऱ्याची गोष्ट आहे, घरचे घरीच राबतात.

'आसंल,' म्हणाले. 'मंग आमची गोष्ट कुठं हाय, ती वाच.'

मी पुस्तकं शोधायला लागलो, ते आजतागायत शोधतोय. असं नाही की नाहीच. लक्ष्मण गायकवाडांचं 'उचल्या' आहे, धनेगावचं, लातूरचं. 1988 ला साहित्य अकादमी मिळाला. ज्या जमातीवर इंग्रजांनी चोराचा शिक्का मारला, त्या घरातलं पोरगं सूतगिरणीत कामाला लागतं, तिथं कामगारांचं राजकारण बघतं, हे सगळं त्यात आहे. पण ते आत्मकथन, स्वतःच्या अंगावरची कातडी सोलून लिहिलेलं. परभणीच्या आसाराम लोमट्यांच्या कथांत गावातलं सत्तेचं राजकारण नेमकं येतं, 'आलोक'ला 2016 ला अकादमी मिळाला. आहेत, माणसं आहेत. तरी ढोबळमानानं बघा, आपल्या ग्रामीण कथेत नायक कोण? शेतकरी. सात-बारावर नाव असलेला. शेतकऱ्याचं दुःख खरंय, मी वर सोयाबीनचे आकडे उगाच दिले नाहीत. पण ज्याच्या नावावर सात-बाराच नाही तो गोष्टीत कुठं येतो? मागून पाण्याची कळशी घेऊन येतो. 'गड्यानं बैल सोडले' एवढ्या एका वाक्यात येतो आणि जातो. त्या वाक्यातला गडी माझा बाप आहे.

मोंढ्यातली हिशेबपट्टी कधी नीट बघितलीय? शेतकऱ्याच्या मालाची रक्कम वर, आणि खाली कपात: हमाली, तोलाई. शेतकरी तो कागद बघतो तेव्हा त्याला वाटतं हमालानं आपले पैसे खाल्ले. हमाल बघतो तेव्हा त्याला वाटतं, एवढं वजन उचलून एवढेच? एकाच कागदावर दोन गरीब एकमेकांसमोर उभे केलेत, आणि तो कागद लिहिणारा तिसरा माणूस गादीवर बसलाय. मला सांगा, याच्यापेक्षा मोठी गोष्ट कुठली पाहिजे? माथाडी कायदा 1969 चा आहे. बाबा आढावांनी आयुष्य घातलं हमालांसाठी, गेल्या डिसेंबरात, 2025 मध्ये गेले. त्यांच्यावर भाषणं झाली. पण आपल्या मोंढ्यावरची एक धड कथा मला कुणी दाखवा, मी प्रवासखर्च करून लेखकाच्या पायावर डोकं ठेवायला येतो.

नांदेडचंही तेच. उस्मानशाही मिलचा भोंगा ऐकून ज्यांची घड्याळं लागायची अशी माणसं अजून जिवंत आहेत. मिल बंद पडली, त्या कामगारांचं काय झालं? कोण रिक्षा चालवायला लागलं, कोण वॉचमन झालं, कुणाच्या बायकोनं धुणीभांडी धरली. जुन्या नांदेडवर लेख येतात ते गोदावरीच्या घाटावर आणि चालुक्यांच्या शिल्पांवर. येऊ द्यात. पण भोंग्यावर कधी?

आणि ऊसतोड. मुखेड, कंधार, जळकोट, अहमदपूर या पट्ट्यातून दसरा-दिवाळीच्या सुमाराला गाड्या भरून जातात. नवरा-बायको मिळून एक 'कोयता'. माणसं दोन, नाव एकाच अवजाराचं. त्यातही हिशेब नवऱ्याच्या हातात. 2019 ला बीडच्या बायकांच्या गर्भपिशव्या काढल्याच्या बातम्या आल्या तेव्हा सगळा महाराष्ट्र हळहळला. पाळी आली तर खाडा, खाडा पडला तर पैसे कापणार, म्हणून पिशवीच काढून टाकायची. समिती नेमली, चर्चा झाली. 2024 च्या जानेवारीत तोडणीच्या दरात 34 टक्के वाढ ठरली, ती चांगलीच गोष्ट. पण त्या बाईला पहाटे चारला उठताना काय वाटतं, हे समितीच्या अहवालात येत नाही. ते यायची जागा गोष्ट. आणि गोष्टीत ती येत होती, मागच्या महिन्यात, एका तालुक्याच्या गावी. आम्ही चिठ्ठी दिली.

2025 च्या पावसाळ्यात आपल्या लातूर जिल्ह्यातल्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्याचा व्हिडिओ तुम्ही सगळ्यांनी बघितला. बैल नाहीत म्हणून स्वतःच औताला जुंपून घेतलेला, मागं बायको. देशभर गेला. मंत्र्यांचे फोन गेले, मदत जाहीर झाली, बरं झालं. मीही शेअर केला. पण त्याच आठवड्यात एका मित्रानं मला विचारलं, 'ह्या व्हिडिओनंतर तुमच्या कथेची गरज काय राहिली? तीस सेकंदांत काम झालं.'

मला तेव्हा उत्तर सुचलं नाही. आता सुचतंय. व्हिडिओ बघून एका माणसाला मदत गेली, कारण व्हिडिओत एकच माणूस होता. त्याच्या बांधापलीकडं दुसरा तसाच होता, त्याच्याकडं कॅमेरा नव्हता. चांगली गोष्ट वाचल्यावर मात्र बांधापलीकडचाही दिसायला लागतो. 'लाल चिखल' वाचून मला एकाच बापाचे टमाटे दिसत नाहीत, दर रविवारच्या बाजारात संध्याकाळी सहा वाजता उरलेला माल दिसतो. आणि आणखी एक. त्या व्हिडिओतल्या म्हाताऱ्याला बोलायला कुणी लावलं? 'काका, कसं वाटतंय?' एवढंच. गोष्टीतला माणूस स्वतःहून बोलतो, मध्येच शिवी देतो, कधी आपल्याला नको ते बोलतो. दया करायला आलेल्याला हाकलूनही लावतो. म्हणून तर तो परवडत नाही.

लेखकांनाही एक बोलून घेतो, म्हणजे सगळ्यांकडून एकदाच शिव्या खाऊन मोकळा होतो. आपल्यातले बरेच जण आता नोकरीत. लातूरच्या शिकवण्यांच्या गल्ल्यांत घर, पोरगं नीटच्या तयारीला. काही चूक नाही, माझीही धडपड तीच आहे. पण लिहितो ते तीस वर्षांपूर्वी सोडलेलं गाव. त्यात अजून मोट आहे, पिंगळा आहे, आईच्या भाकरीचा वास आहे. आजच्या गावात बचत गटाच्या हप्त्यासाठी फिरणारा वसुलीवाला आहे, पुण्याला रांजणगाव-चाकणला कंत्राटी कामाला गेलेलं पोरगं आहे, मोबाईलवर टोळीचा व्यवहार करणारा मुकादम आहे. सोयाबीन काढणीला गुत्तं घेणाऱ्या बायकांच्या टोळ्या आहेत, त्या एकरी भाव ठरवताना कशा बोलतात ते ऐका जरा. बड्या बागायतदाराला घाम फोडतात. ह्या बायका बिचाऱ्या नाहीत. आपल्या कथेत मात्र मजूर बाई आली की ती एकतर रडते, नाहीतर कुणीतरी तिच्यावर हात टाकतो. तिसरं काही तिला करूच देत नाही आपण.

असो. चिठ्ठीवर परत येतो.

त्या रात्री घरी आलो, झोप लागली नाही. दुसऱ्या दिवशी त्या कथाकाराला फोन केला. म्हटलं, सर, चुकलं माझं. तो हसला. म्हणाला, 'चालतंय की. मानधनाचं पाकीट दिलं नं त्यायनी. अन् कोंबडीची गोष्ट बी माझ्या आज्जीचीच हाय.' मला जास्तच वाईट वाटलं. मी विचारलं, त्या बाईचं पुढं काय झालं? ती गाडी भरते, मग? त्यानं फोनवरच सांगितलं. वीसेक मिनिटं लागली असतील. मी इथं लिहिणार नाही, गोष्ट त्याची आहे.

येत्या रविवारी सकाळी दहा वाजता ती तो पुरी सांगणार आहे. मोंढ्यात, हमालांच्या शेडखाली. रविवारी सौदे नसतात. प्रायोजक नाही, अध्यक्ष नाही, हार नाही, त्यामुळं साहेब येणार नाहीत आणि आले तर पोत्यावर बसावं लागेल. दादाही येणार आहेत, पाय दुखतोय म्हणून रिक्षानं. त्यानंतर ज्याला बोलायचं त्यानं बोलावं, हमालांनी आधी.

फोन ठेवताना तो कथाकार एवढंच म्हणाला, 'येतो सर. फकस्त चिठ्ठी आनू नका.'

चहाची सोय आहे. पाणी आपापलं आणा, शेडातला नळ बंद आहे.